आयशेजिक : तुर्की सिनेमातील एका बालतारकेची कारकीर्द आणि तिचे इतिहासातील स्थान

निशिगंध (धागाकर्ती)

तुर्की सिनेमाचा इतिहास सांगणारे लेख वाचताना काही नावे हमखास भेटतात. लुत्फी आकाद, मेतिन एर्कसान, आतिफ यिल्माझ, यिल्माझ ग्युने ही दिग्दर्शकांची मालिका. एर्कसान यांच्या 'सुसुझ याझ'ला १९६४ साली बर्लिनमध्ये मिळालेले सुवर्ण अस्वल. ग्युने यांनी लिहिलेल्या 'योल'ला १९८२ साली कान महोत्सवात विभागून मिळालेला सर्वोच्च पुरस्कार. या साऱ्याचे महत्त्व मला मान्यच आहे. परंतु हे दिग्दर्शक ज्या काळात काम करत होते, त्याच काळात अनातोलियातल्या लहान गावांपासून इस्तंबूलच्या मोहल्ल्यांपर्यंत एका लहान मुलीच्या नावावर तिकिटे खपत होती, आणि तिच्याविषयी मात्र बहुतेक लेखक एखाद-दुसरी ओळ लिहून पुढे जातात. झेयनेप देइर्मेनजिओलू हे तिचे नाव. प्रेक्षक तिला आजही आयशेजिक, म्हणजे छोटी आयशे, म्हणूनच ओळखतात. तिच्याकडे एका गोड मुलीची आठवण म्हणून पाहणे पुरे झाले. एका कष्टकरी अभिनेत्रीची कारकीर्द म्हणून तिच्या कामाची नोंद घेतली जावी, असे मला मनापासून वाटते, आणि त्यासाठीच हा धागा काढत आहे.

झेयनेपचा जन्म १९५४ सालचा, इस्तंबूलचा. वडील हामदी देइर्मेनजिओलू पटकथा लिहीत. घरातच सिनेमा असल्यामुळे शाळेचे वय होण्याआधीच ती छोट्या भूमिकांतून पडद्यावर दिसू लागली होती. १९६० साली मेमदूह उन यांनी 'आयशेजिक' दिग्दर्शित केला. केमालेत्तिन तूजू या अतिशय लोकप्रिय बालसाहित्यिकाच्या कथेवरून तो बेतलेला होता. झेयनेप त्या वेळी पाच-सहा वर्षांची होती. चित्रपट असा काही चालला की त्याच वर्षी आतिफ यिल्माझ यांनी 'आयशेजिक शेयतान चेकिजी' केला, आणि मग 'यावरू मेलेक', 'फाकिर प्रेन्सेस', 'जानमन इची' अशी रांगच लागली. पुढच्या दहा-अकरा वर्षांत शीर्षकातच आयशेजिकचे नाव असलेले डझनाहून अधिक चित्रपट निघाले. पात्राच्या नावावर चित्रपट खपण्याचा हा मान तेव्हा 'जिलाली इबो' किंवा 'तुरिस्त ओमेर' यांसारख्या मोजक्या विनोदी पात्रांना मिळाला होता, आणि ती पात्रे रंगवणारे फेरिदुन काराकाया व सादरी आलशक हे रंगभूमीवर मुरलेले, पूर्ण वाढलेले नट होते.

तिच्या कामाची जात कळण्यासाठी त्या काळी चित्रीकरण कसे होत असे, हे ध्यानात घ्यावे लागते. इस्तंबूलच्या बेयोलू भागातल्या येशिलचाम गल्लीत आणि तिच्या आसपास निर्मात्यांच्या कचेऱ्या होत्या, आणि त्या गल्लीचेच नाव पुढे साऱ्या व्यवसायाला पडले. तिथे चित्रीकरणाच्या वेळी आवाज ध्वनिमुद्रित करण्याची पद्धत नव्हती. संवाद नंतर स्टुडिओत भरले जात आणि पुष्कळदा पडद्यावरच्या चेहऱ्याला दुसऱ्याच कुणाचा आवाज असे. नटाने संवाद पाठ करून यावे, अशीही अपेक्षा नव्हती. कॅमेऱ्याच्या बाजूला एक मनुष्य संहिता हातात घेऊन बसे, ओळ मोठ्याने वाची आणि नट ती ऐकून लगेच उच्चारी. त्यातच कच्ची फिल्म परदेशातून येई व परकीय चलनाच्या टंचाईमुळे ती महाग आणि दुर्मीळ असे, त्यामुळे एकच दृश्य पुन्हा पुन्हा घेण्याची चैन सहसा कुणाला परवडत नसे. आता या व्यवस्थेत अजून वाचताही न येणाऱ्या मुलीला उभे करून पाहा. शेजारून कुणीतरी कोरड्या आवाजात वाक्य वाचतो आहे, समोर दिवे तळपत आहेत, आणि तिने ते वाक्य ऐकत असतानाच चेहऱ्यावर त्याचा अर्थ आणायचा आहे, तोही शक्यतो पहिल्याच खेपेला. आवाज नंतर बदलता येत होता, चेहरा बदलता येत नव्हता. आयशेजिकच्या चित्रपटांत तिची नजर समोरच्या मोठ्या नटावर जशी ठरते, बोलून झाल्यावर ती ज्या तऱ्हेने उत्तराची वाट पाहते, ते पाहिले की हे निव्वळ गोंडसपणावर निभावलेले काम नाही, अशी माझी खात्री होते.

१९६० च्या दशकाच्या अखेरीस ती किशोरवयात आली, आणि इथे तिच्या कारकिर्दीला फार रंजक वळण मिळाले. रस्त्यावरची हुशार, पोरकी पोर साकारण्याचे वय सरले होते. १९६९ च्या 'आयशेजिक इले ओमेरजिक'मध्ये ओमेरजिक या नावाने गाजलेल्या लहान मुलाबरोबर तिची जोडी जमवण्यात आली. त्यानंतर परीकथांची पाळी आली. १९७० साली एर्तेम गोरेच यांनी तिला घेऊन हिमगौरी आणि सात बुटक्यांची कथा पडद्यावर आणली. राजपुत्र होता सालिह ग्युने. डिस्नेच्या १९३७ च्या चित्रपटाची दृश्यरचना आणि वेशभूषा त्यात इतकी जवळून अनुसरली आहे की दोन्ही चित्रपट शेजारी शेजारी लावून पाहता येतील. १९७१ साली सुरेय्या दुरू यांनी तिला सिंड्रेला केले, आणि त्याच वर्षी तुंच बाशारान यांच्या 'आयशेजिक वे सिहिर्ली जुजेलेर रुयालार उल्केसिंदे'मध्ये ती 'विझार्ड ऑफ ओझ' या अमेरिकी बालकथेतल्या ओझच्या जादूगाराच्या देशात जाऊन आली. रुपेरी चपला, बुजगावणे, पत्र्याचा माणूस, भित्रा सिंह असा सारा सरंजाम त्यात होता, आणि पटकथा वडिलांचीच होती.

१९७० च्या दशकाच्या मध्यात, वयाच्या विशीच्या आसपास, तिने काम थांबवले. फेनेरबाहचे क्लबकडून खेळणारा फुटबॉलपटू सेर्कान अजार याच्याशी तिने लग्न केले आणि ती पडद्यापासून दूर झाली. बालतारका मोठी झाली आणि प्रेक्षकांना नकोशी झाली, असा याचा अर्थ सर्रास लावला जातो. मला तो पटत नाही, कारण सोळा-सतरा वर्षांची असताना ती राजकन्या म्हणून तितक्याच जोमाने स्वीकारली गेली होती. माझ्या मते तिचा प्रेक्षकच तोवर चित्रपटगृहातून उठून गेला होता. याविषयी जाणकारांनी लिहावे.

चित्रवेध

निशिगंधताई, धागा अतिशय आवडला. शेवटी तुम्ही जो मुद्दा मांडलात, त्याला व्यवसायाच्या बाजूने भर घालतो.

येशिलचामचा पाया १९४८ च्या करसवलतीने घातला गेला. करमणूक कर देशी चित्रपटांसाठी २५ टक्के आणि परदेशी चित्रपटांसाठी ७० टक्के ठरल्यामुळे चित्रपटगृहांना तुर्की चित्रपट लावणे एकाएकी फायद्याचे झाले. १९७२ च्या सुमारास वर्षाला जवळजवळ ३०० चित्रपट निघत होते. एवढ्या चित्रपटांना भांडवल पुरवणारी बँक किंवा स्टुडिओ तिथे नव्हता. देश वितरणासाठी इस्तंबूल, इझमिर, अंकारा, आदाना, सामसुन अशा विभागांत वाटलेला होता, आणि प्रत्येक विभागाचा वितरक चित्रपट बनण्याआधीच निर्मात्याला आगाऊ रक्कम किंवा पुढल्या तारखेची वचनचिठ्ठी देत असे. साहजिकच कुणाला घ्यायचे आणि शेवट कसा करायचा, हेही तोच सांगे. आदानाच्या वितरकाला अमुक नायक हवा, तर इझमिरच्या वितरकाला अमुक नायिका हवी, अशा मागण्यांतून कथानके घडत.

या वितरकांना बाया आणि मुले चित्रपटगृहात आणणारा चित्रपट हवाच असे. दुपारचे खास स्त्रियांचे खेळ असत, आणि उन्हाळ्यात बागेत किंवा मोकळ्या जागेत पांढरा पडदा उभारून रात्रीचे खेळ होत. तिथे लाकडी खुर्च्यांवर कुटुंबेच्या कुटुंबे बसत, सूर्यफुलाच्या बिया सोलत आणि बाटलीतले सरबती सोडे पीत. आयशेजिक हे या कौटुंबिक प्रेक्षकाचे नाणे होते. ते नाणे चालेनासे होण्यामागे झेयनेपचे वय नव्हते. १९६८ साली तुर्की दूरदर्शनचे प्रक्षेपण सुरू झाले आणि पुढच्या काही वर्षांत घरोघरी संच आले. रस्त्यावरच्या राजकीय हिंसाचारामुळे रात्री बाहेर पडणे धोक्याचे वाटू लागले. आणि १९७४ पासून निर्मात्यांनी एकट्या पुरुष प्रेक्षकासाठी उत्तान चित्रपटांची लाट आणली. १९७९ साली बनलेल्या तुर्की चित्रपटांपैकी निम्म्याहून अधिक या प्रकारचे होते. ज्या चित्रपटगृहांत आया मुलांना घेऊन येत, तिथे त्यांना पाऊल टाकणे अशक्य झाले. त्यामुळे प्रेक्षकच उठून गेला, हे तुमचे म्हणणे अगदी बरोबर आहे. झेयनेपने ज्या सुमारास काम सोडले, तोच या लाटेच्या सुरुवातीचा काळ आहे.

पानगळ

माहिती उत्तम आहे, पण मी विरोधी बाजू मांडू इच्छिते, आणि ती तळमळीने मांडते आहे. हे चित्रपट म्हणजे मुलाच्या डोळ्यांतल्या पाण्यावर चालवलेला व्यापार होता. आई-बापांची ताटातूट, खोटा आळ, आजारपण, श्रीमंत आजोबांचा दुरावा, आणि मध्ये ते इवलेसे पोर सगळ्यांना शहाणपण शिकवते आहे. त्यात मुलाला मूल म्हणून जागाच नाही. पाच वर्षांच्या मुलीकडून रडण्याचे काम वर्षानुवर्षे करून घेणे आणि त्याला अभिनय म्हणून गौरवणे मला जड जाते. निशिगंध, तुम्हीच लिहिता की पहिल्याच खेपेला दृश्य साधावे लागे. मग त्या मुलीला किती ताण सोसावा लागला असेल, याचा विचार कौतुकाच्या आधी व्हायला हवा.

केमालेत्तिन तूजूंची पुस्तके तुर्कस्तानात दोन पिढ्यांनी रडत रडत वाचली. आपल्याकडच्या वाचकाला इथे सहज साने गुरुजी आठवतील, पण हे साम्य मला वरवरचे वाटते. गुरुजींच्या लेखनातले मूल आईच्या छायेत वाढते आणि त्याच्या रडण्यातून काही शिकते. तूजूंचे मूल शहरात एकटे पडलेले असते आणि जग त्याच्याशी क्रूरपणे वागते, हाच कथेचा गाभा असतो. मोठ्यांनी मुलांपुढे सतत हेच मांडावे का, असा प्रश्न मला पडतो.

निशिगंध

पानगळ, तुमचा आक्षेप मी गंभीरपणे घेते. ताणाच्या मुद्द्यावर आपल्यात मतभेद नाहीतच. मी तिच्या कामाला श्रम म्हणते, ते याचसाठी. 'गोड मुलगी' म्हणून तिला बाजूला सारले की तिने काय सोसले आणि काय साधले, हे दोन्ही प्रश्न एकदमच मिटतात, आणि हेच मला खटकते.

मात्र तूजूंच्या बाबतीत थोडी वेगळी बाजू सांगते. ते १९०२ साली जन्मले, पायांच्या जन्मजात व्यंगामुळे त्यांना नेहमीसारखी शाळा मिळाली नाही, आणि घरीच वाचून ते शिकले. एकटे पडलेले मूल त्यांना पुस्तकातून सुचलेले नव्हते. शिवाय १९५० च्या दशकात खेड्यांतून लाखो लोक इस्तंबूल, अंकारा, इझमिर या शहरांत येऊन रातोरात उभारलेल्या झोपड्यांत राहू लागले होते. नातेवाइकांचा आधार तुटला होता, आई-बाप दोघेही कामाला जात होते, आणि रस्त्यावर काम करणारे मूल रोज दिसत होते. आयशेजिकच्या कथेतली ताटातूट अतिरंजित असेल, पण ती पाहणाऱ्या बाईला ती परकी वाटण्याचे कारण नव्हते. त्यात पडद्यावरची मुलगी परिस्थितीपुढे हात टेकत नाही. ती मोठ्यांना जाब विचारते, त्यांना एकत्र आणते, पैसे मिळवते. ज्या समाजात लहान मुलीने मोठ्यांसमोर मान वर करून बोलणे शिष्टसंमत नव्हते, तिथे हजारो मुलींनी तिला तसे बोलताना पाहिले. याचा परिणाम मोजता येत नसला, तरी तो क्षुल्लक खासच नव्हता.

अर्थात काही चित्रपट निव्वळ पाट्या टाकल्यासारखे आहेत, हेही खरे. एकाच साच्यातून काढलेली कथा, तीच सजावट, तेच गैरसमज. वर्षाला इतक्या संख्येने चित्रपट काढणाऱ्या व्यवसायाकडून दुसरे काय होणार होते?

बर्लिनकर

गेली अनेक वर्षे मी बर्लिनमध्ये राहतो. आमच्या इमारतीत वयस्क तुर्की शेजारीण आहे. तिचा नवरा कामगार म्हणून इथे आला आणि मागाहून तीही आली. १९६१ च्या ऑक्टोबरात पश्चिम जर्मनी आणि तुर्कस्तान यांच्यात कामगारभरतीचा करार झाला, तेव्हापासूनच्या या वस्त्या आहेत. १९८० च्या सुमारास व्हिडिओ कॅसेट आल्यावर जर्मनीत तुर्की चित्रपटांच्या कॅसेटचा मोठा बाजार तयार झाला होता, आणि किराणा दुकानातसुद्धा त्या भाड्याने मिळत. येशिलचामची चित्रपटगृहे तिकडे बंद पडत असताना त्याचे जुने चित्रपट इथल्या बैठकीच्या खोल्यांत पुन्हा पाहिले जात होते.

मी भारतीय आहे हे कळल्यावर या आजींनी सर्वात आधी 'आवारा'चे गाणे म्हणून दाखवले. १९५५ साली तो चित्रपट तुर्कस्तानात 'आवारे' या नावाने लागला आणि त्याने धुमाकूळ घातला. १९६४ साली सादरी आलशक यांना घेऊन त्याची तुर्की आवृत्तीही निघाली. मग मी त्यांना आयशेजिकविषयी विचारले, तेव्हा त्यांनी एक गोष्ट सांगितली ती इथे नोंदवावीशी वाटते. त्या लहान असताना गावातल्या उन्हाळी पडद्यावर आयशेजिकचा चित्रपट लागला की दुसऱ्या दिवशी मुली तिच्यासारखी केसांची रिबीन बांधून मिळावी म्हणून आयांच्या मागे लागत. 'आम्ही नायिकेसारखे व्हायचे स्वप्न पाहत नव्हतो, नायिका आमच्या आयांसाठी होत्या. आमच्यासाठी ती होती,' असे त्या म्हणाल्या. मला वाटते, पडद्यावर आपल्याच वयाची, आपल्याच वस्तीतली मुलगी मुख्य भूमिकेत दिसणे ही त्या मुलींसाठी पहिलीच गोष्ट असावी.

'आवारा'चा इथे आणखी एक संबंध जाणवतो. त्यात लहानपणीचा राज शशी कपूर यांनी केला आहे, आणि घरातून बाहेर फेकलेले मूल, न्यायाधीश बाप, आईची परवड हा सारा मसाला येशिलचामच्या लेखकांना फार जवळचा वाटला. त्याआधी इजिप्तच्या रडकथांनीही तुर्की प्रेक्षकाची अशी तयारी करून घेतली होती. आयशेजिकच्या यशामागे ही पार्श्वभूमी आहेच.

कृष्णाकाठ

मी मुंबईत मालिकांच्या निर्मितीत काम करते, त्यामुळे बालकलाकारांचा विषय रोजचाच आहे. आयशेजिकच्या काळात मुलांच्या कामाचे तास, शिक्षण आणि पैसे यांसाठी तुर्कस्तानात वेगळी तरतूद नव्हती. तिथे कामगार कायद्याच्या ७१व्या कलमात २०१५ साली बदल होऊन कला, संस्कृती आणि जाहिरात या क्षेत्रांत मुलांना परवानगीने आणि लेखी कराराने काम करता येईल, अशी सोय झाली. या क्षेत्रांसाठी दिवसाला ५ आणि आठवड्याला ३० तासांची मर्यादा घालण्यात आली. आपल्याकडे जवळजवळ त्याच काळात, बालकामगार कायद्याच्या २०१६ च्या दुरुस्तीनंतर आलेल्या नियमांत बालकलाकाराला दिवसाला ५ तासांपेक्षा अधिक आणि विश्रांतीशिवाय सलग ३ तासांपेक्षा अधिक काम देता येत नाही, जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी लागते आणि मिळकतीचा किमान २० टक्के भाग मुलाच्या नावे राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेव म्हणून ठेवावा लागतो. हा शेवटचा नियम मला सर्वात महत्त्वाचा वाटतो. चित्रीकरणाच्या ठिकाणी अनेकदा दिसते की मूल थकलेले असते आणि पालकच 'आणखी एक दृश्य करून घ्या' म्हणतात. त्यांचा लोभच असतो असे नाही. हातात आलेली संधी निसटेल, ही भीती फार मोठी असते.

झेयनेपच्या बाबतीत वडील पटकथालेखक होते, हे मला दोन्ही अंगांनी विचार करायला लावते. मुलीला काय जमते आणि काय झेपत नाही हे ठाऊक असलेला माणूसच तिच्यासाठी लिहीत होता, हे तिचे भाग्य. पण घर आणि काम यांच्यामधली भिंतही त्यामुळे नाहीशी होते, आणि मुलाला नकार द्यायला जागा उरत नाही. तुर्कान शोराय यांच्याविषयी मी वाचले आहे की त्यांनी चुंबनदृश्ये करणार नाही, संहिता आधी हातात हवी, अशा अटी निर्मात्यांना घातल्या, आणि त्या 'शोराय यांचे कायदे' म्हणून प्रसिद्ध झाल्या. मोठ्या तारकेला अशी तटबंदी उभारता आली. लहान तारकेच्या वतीने असे कायदे कुणी लिहिले?

चित्रवेध

कृष्णाकाठ, तुमच्या प्रश्नाला जोडून हक्कांची बाजू सांगतो, कारण झेयनेपच्या पिढीवर खरा अन्याय तिथे झाला. तुर्कस्तानचा ५८४६ क्रमांकाचा स्वामित्वहक्क कायदा १९५१ चा. त्यात चित्रपटाचा हक्क निर्मात्याकडे होता. दिग्दर्शक, संगीतकार आणि पटकथालेखक यांना चित्रपटाचे संयुक्त कर्ते म्हणून मान्यता आणि कलाकारांना संलग्न हक्क, म्हणजे आपल्या सादरीकरणावरचे हक्क, १९९५ च्या दुरुस्तीने मिळाले. दरम्यान १९९० पासून खासगी वाहिन्या सुरू झाल्या होत्या आणि त्यांना दिवसाचे तास भरून काढण्यासाठी स्वस्त मजकूर हवा होता. येशिलचामचे जुने चित्रपट त्यांना आयतेच मिळाले. सकाळ-दुपार ते पुन्हा पुन्हा दाखवले गेले, एक नवी पिढी ते पाहत मोठी झाली, पण ज्यांचे चेहरे त्यात होते त्यांना या पुनःप्रक्षेपणातून जवळपास काहीच मिळाले नाही. अनेक जुन्या कलाकारांचा तर विमाही उतरवलेला नव्हता आणि त्यांचे म्हातारपण हलाखीत गेले. बालकलाकारांच्या बाबतीत ही विसंगती आणखी टोचते, कारण करारावर सही करण्याचे त्यांचे वयच नव्हते.

आयशेजिकनंतर आलेल्या मुलांविषयीही थोडे लिहितो, म्हणजे तिचे स्थान अधिक स्पष्ट होईल. १९६९ साली निर्माते-दिग्दर्शक तुर्केर इनानोलू आणि अभिनेत्री फिलिझ आकन यांचा मुलगा इल्केर 'युमुरजाक' म्हणून पडद्यावर आला. सेझेर इनानोलू हा 'सेझेरजिक' झाला, आणि १९७४ च्या सायप्रस युद्धाच्या वातावरणात त्याच्या हाती चक्क बंदूक देणारा चित्रपटही निघाला. म्हणजे नावाची, घराण्याची आणि मालिकेची जी रीत आयशेजिकने रुळवली, तीच पुढे मुलग्यांसाठी वापरण्यात आली. १९८० च्या दशकात एमराह आणि जेयलान ही गाणारी मुले 'कुचुक' म्हणजे 'छोटा' किंवा 'छोटी' हे बिरुद लावून आली, आणि तिथे दुःखाला अराबेस्क या अरबी वळणाच्या, व्याकूळ तुर्की संगीताची जोड मिळाली. या सगळ्यांत एका मुलीने बालपणापासून तरुणपणापर्यंत इतकी वर्षे मुख्य भूमिकेत राहणे झेयनेपच्या आधी घडले नव्हते आणि नंतरही क्वचितच घडले.

योगायोग पाहा, स्पेनमध्येही १९६० सालीच मारिसोल ही मुलगी आपल्या पहिल्या चित्रपटातून एका रात्रीत घराघरांत पोहोचली. झपाट्याने शहरी होणाऱ्या, धाकात असलेल्या समाजांना त्या वेळी एक हसरी, धीट मुलगी पडद्यावर हवी होती, असे मला वाटते; पण हा स्वतंत्र अभ्यासाचा विषय आहे.

पानगळ

चित्रवेध यांच्या प्रतिसादानंतर माझा राग चित्रपटांवरून त्या व्यवस्थेकडे वळला आहे, हे मान्य करते. तरी माझा मूळ आग्रह सोडत नाही. तिच्या कामाची नोंद घ्यायची, तर ती चित्रपटांच्या नावांची यादी देऊन होणार नाही. चित्रीकरणाचे तास, शाळा, पैसे कुणाकडे जात होते, हे सारे त्या इतिहासात यायला हवे.

आता एक साधी विनंती. मी यांतला एकही चित्रपट सलग पाहिलेला नाही, तुकडे तेवढे पाहिले आहेत. सुरुवात कुठून करावी?

निशिगंध

पानगळ, तुमच्या आग्रहाशी मी पूर्ण सहमत आहे, आणि असा इतिहास लिहिला गेला तर मी तो सर्वात आधी वाचेन.

बहुतेक लोक ओझच्या चित्रपटापासून सुरुवात करतात, कारण परदेशांत 'तुर्की विझार्ड ऑफ ओझ' म्हणून त्याच्या प्रती फिरत असतात आणि त्यातल्या भाबड्या सजावटीची टिंगल करण्यासाठीच अनेक जण तो लावतात. तसे करू नये, अशी माझी कळकळीची विनंती आहे. तुटपुंज्या पैशांत, मोजक्या फिल्मवर आणि कापड-पुठ्ठ्यावर उभे केलेले ते जग टिंगलीच्या नजरेने पाहिले, तर त्यात सतरा वर्षांची मुलगी किती विश्वासाने वावरते आहे हे निसटून जाते. पत्र्याच्या माणसाच्या वेषातले सुलेमान तुरान आणि सिंहाच्या वेषातले आली शेन हे कसलेले नट आहेत, आणि ती त्यांच्या बरोबरीने दृश्य पेलते.

१९६० चे 'आयशेजिक' आणि 'शेयतान चेकिजी' हे दोन चित्रपट आधी, आणि शक्यतो एकापाठोपाठ पाहा. मेमदूह उन यांनी त्याआधी १९५८ साली 'उच आर्कादाश'सारखा हळुवार चित्रपट केला होता, आणि आतिफ यिल्माझ पुढे तुर्कस्तानातल्या स्त्रियांविषयीच्या उत्तम चित्रपटांसाठी ओळखले गेले. असे दोन दिग्दर्शक एकाच वर्षी एकाच मुलीबरोबर काम करतात, तेव्हा तिच्याकडून वेगवेगळे काय काढून घेतात, हे पाहण्यासारखे आहे. मग मधले दोन-तीन चित्रपट सोडले तरी चालतील; १९६३ चा 'फाकिर प्रेन्सेस' मात्र सोडू नका. त्यानंतर हिमगौरी, सिंड्रेला आणि सर्वात शेवटी ओझ, या क्रमाने पाहिले की ती पडद्यावरच मोठी होत गेलेली दिसते. भाषा कळत नसेल तर उपशीर्षके शोधावीत. न मिळाल्यास आवाज थोडा कमी करून तिच्या चेहऱ्याकडे लक्ष ठेवावे, कारण आवाज तसाही नंतर भरलेला आहे.

पार्ला शेनोल यांच्याविषयी दोन सभासदांनी निरोप पाठवून विचारले आहे. त्याही १९६० च्या दशकातल्या बालकलाकार, पण मोठेपणीही अभिनयाच्या क्षेत्रात राहिल्या. त्यांच्यावर इथे घाईने चार ओळी लिहिण्यापेक्षा वेगळा धागा काढते. बर्लिनकरांनी आपल्या शेजारणीला त्यांच्याविषयीही जरूर विचारावे.